हुंकारीची वाट

पूर्वी कदंबपुरात उग्रदत्त राजाची सत्ता होती. त्या काळी बोधिसत्त्वाने नगराच्या दक्षिणेला, दलदलीपल्याडच्या वाटाड्यांच्या वस्तीत जन्म घेतला. त्याचे नाव सोमिल. त्याच्या आईचे नाव वेणुका. तिच्याइतक्या ताठ मानेने त्या वस्तीत दुसरे कोणी चालत नसे.

त्या दलदलीत हुंकारी नावाचे झाड होते. त्याची थाळीएवढी पाने पाण्याखाली निजलेली असत. जवळून कोणी बोलत गेले की ती हळूच वर येत आणि बोलणे चालू असेपर्यंत वरच राहत. गोष्ट ऐकणारा 'हुं, हुं' करतो ना, तसेच. हुंकारीची मुळे फक्त टणक जमीन धरीत. पान दिसेल तेथे पाऊल टाकावे. बाकीचा गाळ हत्ती गिळून ढेकरही देणार नाही असा. मात्र ओरडलेले हुंकारीला खपत नसे. हुकूम किंवा शिवी ऐकली की पाने मिटून खाली जात. घरच्या माणसाशी बोलावे तसे बोलावे लागे. म्हणून वाटाडे चालताना सारखे बोलत, आणि बाजारातले लोक त्यांना बडबडे म्हणून हसत. वाटाडेही हसत, पण खरे कारण कोणाला सांगत नसत. परक्याला पलीकडे न्यायचे तर त्याचे डोळे बांधीत.

वस्तीमागच्या रानात हत्ती होते आणि राजाला ते हवे होते. बारा वर्षांपूर्वी त्याच्या सैनिकांनी वेणुकेच्या नवऱ्याला, नागलला, धरून नेले आणि तीन दिवस वाट विचारली. त्याने सांगितली नाही. शेवटी त्याला मारून टाकले. तेव्हापासून वेणुका भेटेल त्याला सांगे, "माझ्या धन्यानं जीव दिला, पण हुंकारी दिली नाही."

एका सकाळी सोमिलने तिला काठावर बोलावले. धुक्यात सेनापती वज्रबाहू चाळीस सैनिकांसह दलदलीत शिरला होता. वस्तीला चाहूल लागू नये म्हणून त्याने सगळ्यांना तोंडे बंद ठेवायला लावली होती. झाले! मुक्या माणसांना हुंकारी कशी दिसणार? काठापासून साठ हातांवर सगळे रुतले होते, कोणी मांडीपर्यंत, कोणी छातीपर्यंत.

वेणुकेला आधी बरे वाटले. खोटे कशाला बोलावे?

"आई, मी त्यांना वाट सांगणार," सोमिल म्हणाला.

"तुझ्या बापानं मरून राखलं, ते तू यांना देणार?"

"हो."

त्याने शांत आवाजात हाक दिली, "गड्यांनो, एकमेकांशी बोला! घरचं, दारचं, काहीही बोला. पानं वर येतील. त्यांचे देठ धरा आणि मुळांवर पाय टेका."

चोराच्या मनात चांदणे म्हणतात ते खोटे नाही. "खबरदार, कोणी तोंड उघडलं तर! हा डाव आहे!" वज्रबाहू गरजला. सोमिलच्या आवाजाने जी दोन-चार पाने डोकावू लागली होती, तीही बुडाली.

सोमिल आईकडे वळला. "माझ्यावर त्यांचा विश्वास नाही. तू बोलून बघ."

वेणुका गप्प उभी राहिली. कोणाला मारायचे नव्हते, नुसते गप्प राहायचे होते. तेवढ्याने बारा वर्षांचा हिशेब मिटणार होता. इतक्यात तिचे लक्ष एका दाढीवाल्या सैनिकाकडे गेले. तो छातीपर्यंत गाळात होता आणि शिदोरीचे गाठोडे भिजू नये म्हणून दोन्ही हातांनी डोक्यावर धरून होता. माणूस बुडतोय आणि भाकरी वाचवतोय! तिला हसू येतेय की रडू, तिलाच कळेना.

"अरे दाढीवाल्या," ती म्हणाली, "कुणी बांधून दिलं रे ते?"

त्याने सेनापतीकडे पाहिले, मग तिच्याकडे. "बायकोनं."

"काय आहे त्यात?"

"दशम्या. नको म्हटलं तर रुसते हो. आमची म्हैस पण तशीच, दोघी एकाच माळेचे मणी..."

त्याच्या कोपराशी एक हिरवे पान वर आले. त्याने देठ पकडला. मग शेजारचा बोलू लागला, त्याच्या मागचा बोलू लागला. कोणाच्या लेकीला दात येत होते, कोणाच्या गावचा आंबा गोड की आंबट यावर दोघांची जुंपली. पानांमागून पाने वर येत गेली आणि माणसे एकेक करून काठाला लागली.

राहिला वज्रबाहू. हुकुमाखेरीज दुसरे काही बोलायची त्याला सवयच उरली नव्हती.

"तुझ्या घरी कोण आहे?" वेणुकेने विचारले.

तो पुटपुटला, "आई होती. उडदाचं घुटं करायची."

त्याच्याही जवळ पान आले.

काठावर तो चिखलाने माखलेला उभा राहिला. "नागलला मीच मारलं," तो म्हणाला. "तीन दिवस विचारलं, त्यानं सांगितलं नाही. तुम्ही न विचारता सांगितलंत. का?"

सोमिल म्हणाला, "तेव्हा तुम्ही वाट मागत होतात. आज तुम्ही बुडत होतात."

वज्रबाहूने वेणुकेपुढे मान खाली घातली. ती म्हणाली, "क्षमा मला आज जमायची नाही. पण वाट दिली ती दिली. आम्ही दिलेलं परत घेत नाही." असे म्हणताना तिची मान पूर्वीपेक्षाही ताठ होती.

वज्रबाहू कदंबपुरात परतला. "वाट मला ठाऊक आहे, पण सांगणार नाही," असे त्याने राजाला तोंडावर सांगितले आणि सेनापतिपद गमावले. राजाने मग चाळीस सैनिकांना एकेकटे बोलावून विचारले. त्या सकाळी बायकोच्या रुसव्यापर्यंत सगळे सांगून बसलेले ते चाळीस जण राजापुढे मुके झाले. हत्तींचे रान वाचले.

एवढी कथा सांगून शास्ते, म्हणजे भगवान बुद्ध, भिक्षूंना म्हणाले, "तेव्हाचा वज्रबाहू म्हणजे आज तुमच्यात बसलेला सुनेत्र. तो दाढीवाला म्हणजे विहाराचा स्वयंपाकी भद्रिल. सोमिल मी होतो, आणि माझी आई वेणुका म्हणजे ही वृद्ध भिक्षुणी सुव्रता. त्या जन्मी मी अभयदान दिले असे लोक म्हणतात. मी नुसती हाक मारली. जिचे सर्वांत जास्त गेले होते तिने दिले, म्हणून ते अभयदान झाले. मी तिचा मुलगा होतो."

हे शेवटचे वाक्य बोलताना शास्त्यांचा चेहरा उजळला होता.