सतरावा होकार

एका राज्यात राजाच्या सभेत तीस आसनं होती. प्रत्येक धंद्याला एक आसन. सोनाराचं पहिलं, कोष्ट्याचं दुसरं, आणि असं मोजत गेलं की सतरावं आसन नागोजी कासाराचं. बांगड्या भरता भरता त्याचे केस पिकले होते. स्वभावाने तो गरीब. राजाने काही विचारलं की आधीचे सोळा जण काय म्हणतात ते तो ऐकून घ्यायचा आणि तेच म्हणायचा. त्यात त्याला कधी काही वावगं वाटलं नाही.

एके दिवशी सभेत धूम्रकेश नावाचा जादूगार आला. त्याचे केस धुराचे होते. त्याने ओंजळीत पाणी घेतलं, त्या पाण्यात चंद्र उगवून दाखवला. चंद्र खरोखर सुंदर होता. पण प्रधानाला शिंक आवरता आवरेना, आणि ती दाबताना त्याच्या तोंडून फिस्कन आवाज आला. सोनाराला वाटलं, प्रधानजी हसले. तो हसला. त्याला पाहून कोष्टी हसला. बघता बघता तीसही जण हसत सुटले, आणि कशाला हसतो आहोत हे एकालाही ठाऊक नव्हतं.

जादूगाराने चंद्र मुठीत मिटला. म्हणाला, "एकमेकांकडे बघून हसलात. आता एकमेकांकडे बघूनच जगा. या सभेत सगळे मिळून जे म्हणतील, ते होईल."

एवढं बोलून तो निघून गेला. लोकांना तो शाप वाटलाच नाही. वरदान वाटलं.

राजाला एकुलती एक लेक होती. तिचं नाव मंजुळा. ती भारी बोलकी. तिसऱ्या दिवशी ती सभेत आली आणि कारंज्यापासून करापर्यंत शंभर प्रश्न विचारून तिने प्रधानाला घाम फोडला. राजा कौतुकाने म्हणाला, "ही माझी लेक कसली, ही तर साळुंकी!"

"साळुंकीच, महाराज!" सोनार म्हणाला. कोष्टीही तेच म्हणाला. गंमत पुढे पुढे सरकत नागोजीपाशी आली. तोही हसून म्हणाला, "हो, साळुंकीच." पुढच्या तेराही जणांनी री ओढली. शेवटी मंजुळाच टाळी वाजवून म्हणाली, "हो हो, साळुंकीच मी!"

आणि जिथे मुलगी उभी होती तिथे साळुंकी बसली होती. पिवळ्या चोचीची.

राजाने मुकुट काढून ठेवला. रोज सकाळी तो सभेला विचारी, "ही कोण?" सोनार समोर बघे. समोर पक्षी दिसे. तो खाली मान घालून म्हणे, "साळुंकी." मग बाकीचेही तेच म्हणत. शाप कुणाचा गळा दाबत नव्हता. शेजारच्याचा होकारच दाबत होता.

साळुंकी बोलत असे, पण रोज तिचे कितीतरी शब्द गळून पडत. सोमवारी 'झोका' गेला, मंगळवारी 'अंगण'. राजवैद्याने नाडी पाहिली नि सांगितलं, "पौर्णिमेला स्वतःचं नावही जाईल. मग हा पक्षी पक्षीच राहील."

हे ऐकून नागोजीला जेवण गोड लागेना. ती पाच वर्षांची असल्यापासून तो तिला बांगड्या भरत आला होता. त्याने साळुंकीला खांद्यावर घेतलं आणि जादूगाराला शोधायला सात टेकड्यांची वाट धरली.

"काका, तुम्ही कितवे होतात हो?" साळुंकीने वाटेत विचारलं.

"सतरावा, ताईसाहेब."

"म्हणजे तुमच्या होकाराची माझी शेपटी झाली!" असं म्हणून ती हसली. नागोजीला मात्र रडू आलं.

धूम्रकेश आपल्या गुहेत धुराच्या जटा विंचरत बसला होता. "का आलास?" त्याने विचारलं.

"चूक झाली, महाराज."

"कुणाची?"

"सगळ्यांची."

"मग सगळ्यांना पाठव. तू परत जा."

नागोजी वळला. दहा पावलं गेला, थांबला, परत आला. "माझी चूक झाली," तो म्हणाला.

"आता बस," जादूगार म्हणाला. त्याने तीन हिरव्या बांगड्या काढून दिल्या. त्या एकमेकींवर आपटल्या तरी वाजत नव्हत्या. "चार जणांच्या होकारापुढे कुणी खरं 'नाही' म्हटलं की यातली एक वाजेल. तिन्ही वाजल्या की शाप उठेल. तिन्ही नकार तुझेच असतील, असं मात्र मी म्हणत नाही."

परतीच्या वाटेवर नदी लागली. नाव माणसांनी ठासून भरली होती, पाणी नावेच्या काठाला लागायला चारच बोटं उरली होती. नावाडी म्हणाला, "निघायचं ना?" प्रत्येकाने काठाकडे पाहिलं, मग शेजाऱ्याकडे पाहिलं. शेजारी शांत होता. "निघा," एक जण म्हणाला. "निघा, निघा," बाकीचे म्हणाले. नागोजीच्याही ओठावर तेच आलं. तेवढ्यात साळुंकीने त्याच्या कानाला चोच मारली.

"नाही," नागोजी म्हणाला. आवाज इतका बारीक होता की त्याचा त्यालाच जेमतेम ऐकू आला. "मी उतरतो. भार फार झाला."

"मीपण उतरते बाई!" भाजीची पाटी घेतलेली एक म्हातारी म्हणाली. "मघापासून म्हणणार होते. म्हटलं, एवढी शहाणी माणसं गप्प आहेत, तर मीच भित्री असेन."

तिच्यामागोमाग आणखी तिघे उतरले. नाव वीतभर वर आली. झोळीत एक बांगडी किणकिणली.

पुढच्या खेपेने नदी ओलांडून नागोजी राजधानीत पोचला तो पौर्णिमेच्या दिवशी. तोवर साळुंकीकडे 'मंजुळा' आणि 'काका' एवढे दोनच शब्द उरले होते. सभा भरली. राजाने विचारलं, "ही कोण?"

"साळुंकी," सोनार म्हणाला. "साळुंकी," कोष्टी म्हणाला. सोळा वेळा तोच शब्द आला, आणि प्रत्येक वेळी नागोजीचं धैर्य थोडं थोडं ओसरलं. त्याने पाहिलं. त्यालाही साळुंकीच दिसली. सोळा जण चुकतील? की मुलगी कधी नव्हतीच, आणि आपल्यालाच म्हातारचळ लागला?

"काका," साळुंकी म्हणाली.

नागोजीने डोळे मिटले. बांगड्या भरताना त्याला डोळे कधीच लागले नव्हते. माप बोटांना कळायचं. त्याने पक्ष्याचा पाय हातात घेतला, आणि सवयीने म्हणाला, "हात सैल सोडा, ताईसाहेब." मग झोळीतली एक हिरवी बांगडी काढून चढवली. पक्ष्याच्या पायातून ती खाली गळून पडायला हवी होती. पण ती अडली. लहानपणी झोक्यावरून पडून मंजुळेच्या अंगठ्याचं हाड जरा वर आलं होतं. दर सणाला बांगडी जिथे अडायची, तिथेच ती अडली.

"नाही, महाराज," नागोजी म्हणाला. "साळुंकी नाही. हा आमच्या ताईसाहेबांचा हात आहे."

दुसरी बांगडी वाजली.

अठरावा लोहार. तो चाचरत म्हणाला, "मलाही... मलाही तसंच वाटत होतं." एकोणिसाव्याने मान हलवली. विसावी तेलीण पदराने डोळे पुसू लागली. नागोजीने डोळे उघडले, तेव्हा त्याच्या हातात खरोखरच एक हात होता, आणि मंजुळा म्हणत होती, "आई गं! काका, हळू!"

राजा धावत खाली आला. लेकीला त्याने असं कवटाळलं की काढून ठेवलेला मुकुट पाय लागून घरंगळत दारापर्यंत गेला. सभेत एकच जल्लोष झाला. प्रधान ओरडला, "नागोजी माणूस नव्हे, देव आहे!"

"देव आहे!" सोनार म्हणाला. "देवच!" कोष्टी म्हणाला.

नागोजीला पाय जड वाटले. त्याने खाली पाहिलं. पावलं काळ्या दगडाची झाली होती. आवाज वाढला तसा दगड घोट्यापर्यंत चढला, मग गुडघ्यापर्यंत. राजाही हात जोडून उभा राहिला. नागोजीच्या मनात आलं, एवढे सगळे म्हणतात तर असेनही. त्याची जीभ दगडासारखी झाली.

"नाही!" मंजुळा म्हणाली.

ती नागोजीच्या पुढे येऊन उभी राहिली.

"हे नागोजीकाका आहेत. चार पायऱ्या चढल्या की यांना दम लागतो. यांच्या उपरण्याला तेलाचे डाग असतात. बांगडी अडली की हे माझ्यापेक्षा जास्त कळवळतात. देवळात बसवाल यांना, तर मला बांगड्या कोण भरेल?"

तिसरी बांगडी वाजली. दगड गुडघ्यावरून घोट्यावर आला, घोट्यावरून जमिनीत उतरला. नागोजी मटकन खाली बसला आणि पाय चोळू लागला. त्याच क्षणी तिन्ही बांगड्या तडकून त्यांचे तुकडे झाले.

"काका, फुटल्या!" मंजुळा म्हणाली.

"वाढल्या म्हणावं, ताईसाहेब!" तीसच्या तीस जण एका सुरात बोलून गेले.

मग सगळ्यांनी दचकून तोंडावर हात ठेवले. वाट पाहिली. काही झालं नाही. कुणाला पंख फुटले नाहीत, कुणी दगड झालं नाही. शाप खरंच उठला होता.

"एवढं तेवढं मिळून म्हणायला हरकत नाही," नागोजी म्हणाला, आणि तुकडे वेचू लागला.

त्या दिवसापासून राजा सभेत रोज निराळ्या आसनापासून विचारायला लागला. धूम्रकेशाला मानाने परत बोलावलं. त्याने ओंजळीत पुन्हा चंद्र उगवून दाखवला, तेव्हा कुणी हसलं, कुणी रडलं, प्रधान मनसोक्त शिंकला. आणि नागोजी, त्याला सगळ्यांत आधी विचारलं की, शेजारी न बघता, डोळे मिटून, सावकाश उत्तर द्यायचा. सभा त्याच्यासाठी थांबायची.