कोठारातला दोर

एका उंच कड्यावर वसलेल्या गावात एक दोर वळणारा राहत होता. सगळे त्याला दोरवाला म्हणत. त्या गावाची विहीर कड्याच्या तळाशी होती, त्यामुळे लांब दोराशिवाय घोटभर पाणीसुद्धा वर यायचं नाही. तिथे नाण्यापेक्षा दोरच जास्त चाले. मीठ हवं, दोर द्या. न्हाव्याला दोर, वैद्याला दोर. एवढंच काय, लग्नात आहेरसुद्धा दोराचाच.

दोर वळायचं काम दोघांचं असतं. दोरवाल्याची बायको चाकापाशी बसून चाक फिरवी. दोरवाला कमरेच्या झोळीतून घायपाताच्या पानांचा धागा, म्हणजे वाख, सोडत मागे मागे चाले आणि दोघांच्या मध्ये दोराला पीळ बसत जाई. मागे चालणाऱ्याला झालेला दोर तेवढा दिसतो, पाठीमागे काय आहे ते दिसत नाही. आणि त्यांची वळायची जागा तर थेट कड्याच्या टोकापर्यंत गेलेली. पाठीमागचं पाहायचं ते चाकावरच्या माणसाने. टोक जवळ आलं की बायको म्हणे, "थांबा." त्या शब्दाला दोरवाल्याचं पाऊल जागच्या जागी थांबे. हा शब्द ज्याने ऐकला नाही असा म्हातारा दोरवाला त्या गावात कुणी पाहिला नव्हता.

दोरवाल्याला एका गोष्टीचा फार अभिमान होता. घासाघीस करण्यात त्याचा हात धरणारा पंचक्रोशीत कुणी नव्हता. बाजारातून तो वांगी आणायचा तर वर मूठभर कोथिंबीर नि दोन मिरच्या घेतल्याशिवाय पाय काढत नसे. भाजीवाल्या त्याला लांबून पाहूनच टोपल्या झाकत.

त्यांची झोपडी कुडाची होती. पावसाळ्यात तिच्यात वाख भिजे आणि दोन वर्षांची मुलगी रात्रभर खोकत राही. बायको म्हणाली, "अहो, दगडाच्या भिंती असत्या तर पोरीची छाती भरली नसती." हे खरंच होतं. त्यात हाव नव्हती. घर हवं असणं हा काही गुन्हा नाही.

गावात एक शेट होता. त्याची दगडी घरांची एक ओळच होती. शेट मऊ बोले, कुणावर आवाज चढवत नसे, आणि त्याच्याबद्दल एक गोष्ट सगळ्यांना ठाऊक होती, की तो खोटं कधीच बोलत नाही. लोकांना त्याचा धीर वाटायचा तो यामुळेच. पुढे भीती वाटायची तीही यामुळेच, पण ते नंतर.

शेट म्हणाला, "हे दोन खणांचं घर पाच हजार हात दोराचं. एवढा दोर तुमच्यापाशी आज नाही, हे मला दिसतंय. हरकत नाही. आजच राहायला या. तुमच्या घराच्या नावाने मी पाच हजार हात दोर माझ्या कोठारात ठेवतो. दर अमावस्येला तो वाढतो, शंभर हाताला एक हात. तुम्ही द्याल तेवढा त्यातून मी कापत जाईन. दोर संपला की घर तुमचं. रोज अडीच हात द्या."

दोरवाल्याचे कान 'अडीच' या शब्दावरच टवकारले. त्याच्या आधीचं त्याने ऐकलं होतं, पण पावसात पागोळी ऐकावी तसं.

"अडीच फार होतात, शेट. दीड घ्या."

"सव्वादोन."

"पावणेदोन. त्याच्यावर एक बोट नाही."

शेट जराही थांबला नाही. "तुम्ही म्हणाल तसं," तो म्हणाला.

बायको मुलीला काखेत घेऊन मागे उभी होती. ती हळूच म्हणाली, "अहो, पण कुठवर द्यायचे?"

"तू गप्प बस गं," दोरवाला म्हणाला. "अडीचाचे पावणेदोन केले, दिसत नाही का?"

मग शेटने त्या ओळीतल्या घरांची रीत सांगितली. मुलीच्या झबल्याची एक चिंधी द्यायची. ती तो कोठारातल्या दोराच्या टोकाला बांधणार. दोर संपायच्या आत दोरवाल्याचे हात थकले, तर ज्याची चिंधी त्याने पुढे दोर द्यायचा. दोरवाल्याने मुलीच्या तांबड्या झबल्याची कड फाडून दिली. मुलगी हसत होती. तिला वाटलं, खेळच चाललाय.

घर छान होतं. मुलीचा खोकला गेला. दोरवाला रोज सकाळी पावणेदोन हात दोर शेटच्या ओट्यावर ठेवून येई आणि येताना भेटेल त्याला अडीचाचे पावणेदोन कसे केले ते सांगे. महिन्याचे साडेबावन्न हात. पाच हजाराला आठ वर्षं, हा हिशेब त्याने बोटांवर पक्का केला होता. दर महिन्याला बायको भिंतीवरच्या सुतळीला एक गाठ मारी.

शेजारच्या घरात एक म्हातारा होता. त्याची बोटं मिटलेलीच राहत, उघडत नसत. त्याच्या अंगणात त्याचा पस्तिशीचा मुलगा दोर वळी. दोरवाल्याने एकदा विचारलं, "बाबा, तुमचं घर फिटलं असेल ना आता?"

म्हातारा म्हणाला, "मी एक दिवस चुकवला नाही रे." एवढंच बोलून तो आत गेला. हे काही उत्तर नव्हे, हे दोरवाल्याच्या लक्षात यायला हवं होतं.

सुतळीवर शहाण्णव गाठी झाल्या. त्या दिवशी दोरवाला गूळ घेऊन, बायकोला आणि दहा वर्षांच्या मुलीला घेऊन शेटकडे निघाला. भर दुपार होती. "पाच हजार चाळीस झाले," तो शेटला म्हणाला. "वरचे चाळीस राहू द्या तुम्हाला."

शेटने गुळाचा खडा तोंडात टाकला, किल्ली घेतली आणि तो कोठाराकडे चालू लागला.

दाराशी पोचल्यावर दोरवाल्याला आतून आवाज आला. वाळलेल्या पाल्यातून काहीतरी सरपटत जावं तशी सरसर, थांबून थांबून. "आत काय आहे?" त्याने विचारलं.

"आज अमावस्या आहे," शेट म्हणाला. "वाढतोय."

दार उघडलं. आत वेटोळ्यांचा ढीग दोरवाल्याच्या डोक्याच्या वर गेला होता. त्यातलं सगळ्यात वरचं वेटोळं अजून हलत होतं. कुणी हात लावलेला नसताना त्याच्या टोकातून वाख फुटत होता आणि आपोआप पीळ घेत होता. आयुष्यभर त्याने दोर वळला होता, पण माणसाशिवाय वळला जाणारा दोर त्याने पाहिला नव्हता. त्या टोकाला एक तांबडी चिंधी बांधलेली होती.

"चार हजार सहाशे हात," शेट म्हणाला.

"असं होणारच नाही. मोजा."

शेटने मोजू दिला. दोरवाल्याने स्वतःच्या हाताने, कोपरापासून बोटापर्यंत, मोजायला सुरुवात केली. दोर कोठारातून देवळापर्यंत गेला, देवळापासून वेशीपर्यंत गेला, वेशीवरून परत आला. हजार, दोन हजार, तीन. गावातली माणसं दारात येऊन उभी राहिली. त्या ओळीतली माणसं तेवढी घरात गेली आणि त्यांनी दारं लावून घेतली. चार हजार सहाशे झाले तेव्हा सूर्य कलला होता आणि दोरवाल्याला घाम फुटला होता.

"आठ वर्षं मी काय दिलं मग?"

"पहिल्या अमावस्येला दोर पन्नास हात वाढला," शेट म्हणाला. "तुम्ही साडेबावन्न दिलेत. पन्नास वाढीत गेले, अडीच हात कापले गेले. पुढच्या महिन्यातही जवळपास तसंच. मी हे पहिल्या दिवशीच सांगितलं होतं."

सांगितलं होतं. दोरवाल्याला आता पागोळीतला शब्द न् शब्द आठवला. त्याने मुलीकडे पाहिलं. ती वाकून त्या तांबड्या चिंधीकडे बघत होती. "बाबा, हे कापड माझं आहे का?" तिने विचारलं. शेजारच्या म्हाताऱ्याचा पस्तिशीचा मुलगा त्याच्या डोळ्यांपुढे आला आणि त्या मुलाच्या जागी त्याला स्वतःची पोर दिसली, बोटं मिटलेली.

शेटला त्याची दया आली. खरोखरच आली, शेट खोटं वागत नसे. "थकलात तुम्ही," तो म्हणाला. "पावणेदोन जड जात असतील तर यापुढे दीड हातच द्या. शेजारच्या बाबांनाही मी तेच सांगितलं होतं. ते दीडच देत आलेत."

दीड. तेवढ्या भीतीतही दोरवाल्याच्या आतला बाजारात जाणारा माणूस जागा झाला. दीड म्हणजे आणखी पाव हात सुटला. त्याने 'बरं' म्हणायला तोंड उघडलं.

"थांबा," बायको म्हणाली.

दोरवाल्याचं तोंड उघडं ते उघडंच राहिलं. त्या शब्दाला थांबायची त्याच्या हाडांना सवय होती. बायको पुढे आली.

"शेटजी, दीड हात दिला तर कुठवर द्यायचा?"

शेट पहिल्यांदाच जरा घुटमळला. पण तो खोटं बोलत नसे. "महिन्याला पंचेचाळीस होतात. दोर शेहेचाळीस वाढतो. त्याला शेवट नाही, बाई. शेजारच्या बाबांचा दोर आज पहिल्या दिवसापेक्षा मोठा आहे."

"आणि पावणेदोनच दिला तर?"

"अजून साडेसतरा वर्षं."

"तीन दिला तर?"

"सहा वर्षं."

मग बायकोने विचारलं, "पहिल्या दिवशी अडीच दिले असते तर?"

"नऊ वर्षं नि वर दोन-तीन महिने. पुढच्या वर्षी सुटला असता."

"हे तुम्ही तेव्हा का नाही सांगितलं?"

"तुम्ही यांना विचारलं होतं," शेट म्हणाला. "यांनी तुम्हाला गप्प केलं. मला कुणी विचारलं नाही."

दोरवाला तिथेच खाली बसला. बायको म्हणाली, "आम्ही तीन देऊ."

बोलायला तीन सोपं होतं. ती सहा वर्षं कशी गेली ते त्या घरालाच ठाऊक. पहाटे चाक सुरू व्हायचं ते दिवेलागणीला थांबायचं. दिवाळीला नवं कापड नाही, गोडाला फक्त गूळ. वाखाच्या धुळीने बायकोला खोकला लागला, जो मुलीचा गेला होता तोच. एका श्रावणात दोरवाल्याला अकरा दिवस ताप होता. त्या अकरा दिवसांत त्याला तापापेक्षा सरसर छळत होती. "आज दिला का दोर?" असं तो डोळे मिटून विचारी आणि बायको "दिला" म्हणे. कोठून दिला, ते तिने कधी सांगितलं नाही. तिच्या हातातल्या चांदीच्या पाटल्या मात्र नंतर दिसल्या नाहीत.

दर अमावस्येच्या दुपारी दोरवाला कोठारापाशी जाई आणि दाराला कान लावी. आत सरसर असे. पहिल्या वर्षी तिने अंगावर काटा येई. तिसऱ्या वर्षी ती थोडी दमल्यासारखी झाली. पाचव्या वर्षी कान घट्ट लावल्याशिवाय ऐकू येईना. सहाव्या वर्षाच्या शेवटच्या अमावस्येला त्याने कान लावला, दुसरा कान लावला, श्वास रोखून धरला. आत काहीच नव्हतं. तरी त्याचा विश्वास बसेना, म्हणून त्याने बायकोला आणि मुलीला बोलावून त्यांनाही ऐकायला लावलं.

शेटने दार उघडलं. जमिनीवर फक्त ती तांबडी चिंधी पडली होती. शेटने ती झटकून मुलीच्या हातात दिली. मुलगी आता सोळा वर्षांची होती. चिंधी तिने बोटाला गुंडाळून पाहिली, एक वेढासुद्धा पुरता बसला नाही.

घरी परतताना मुलीने विचारलं, "बाबा, आपण एकंदर किती दोर दिला?"

"आधीचे पाच हजार चाळीस. आणि हे सहा वर्षांचे सहा हजार चारशे ऐंशी."

मुलगी मनात बेरीज करत थोडं चालली. "म्हणजे साडेअकरा हजार. ही तर दोन घरं झाली, वर दीड हजार उरतो. मग आपलं दुसरं घर कुठे आहे?"

दोरवाला थांबला. शेटच्या ओळीच्या टोकाला एक कोरं दगडी घर उभं होतं. त्याच्या दाराला अजून तेल लागायचं होतं. "ते बघ," तो म्हणाला. "ते आपण बांधलं."

त्या घरापुढे एक तरुण बुरूड उभा होता, शेजारी त्याची बायको आणि तिच्या कडेवर बाळ. शेट मागोमाग तिथे पोचला होता आणि मऊ आवाजात बोलत होता. बुरूड छाती काढून म्हणाला, "अडीच नाही, शेट. पावणेदोन."

"तुम्ही म्हणाल तसं," शेट म्हणाला आणि बाळाच्या टोपड्याची चिंधी घेण्यासाठी त्याने हात पुढे केला.

"थांबा," दोरवाला ओरडला. उभ्या आयुष्यात हा शब्द त्याने ऐकला होता, म्हटला पहिल्यांदाच. टोपडं काढून पुढे केलेला बुरडाचा हात अर्ध्यावर थांबला.

दोरवाला धापा टाकत जवळ गेला. "रोज किती, ते ठरलं तुझं. आता कुठवर, ते विचार. आणि तू विचारू नकोस, हिला विचारू दे. तिने मघापासून दोनदा तोंड उघडलंय."

बुरडाच्या बायकोने विचारलं. शेट रागावला नाही. त्याने खरं तेच सांगितलं, वर्षं आणि हात, दोन्ही. ऐकता ऐकता बुरडाच्या चेहऱ्याचा रंग उतरला. त्याने बायकोकडे पाहिलं, मग कोठाराच्या बंद दाराकडे पाहिलं. बाळाचं टोपडं त्याने पुन्हा बाळाच्या डोक्यावर नीट घातलं, नाडी बांधली आणि म्हणाला, "शेट, आता पहिल्यापासून बोलू या."

तात्पर्य: हप्ता लहान झाला म्हणून घर स्वस्त होत नाही. रोज किती द्यायचं याच्या आधी जो कुठवर द्यायचं ते विचारतो, त्याच्या लेकराच्या वाट्याला घर येतं. जो विचारत नाही, त्याच्या लेकराच्या वाट्याला दोर येतो.