कुणीच न उघडलेली फाइल

हे सांगायचं नाही, असं सौमित्रदादाने मला बजावलं होतं. निदान हसणाऱ्यांना तरी सांगू नकोस, म्हणाला. पण आमच्या मठात न हसणारं माणूस शोधत बसलं तर गोष्ट तशीच राहून जाईल. म्हणून सांगते.

"आक्का, उत्तर मी लिहिलं होतं. मग खाली मठाचं नाव का?"

सौमित्रने हे विचारलं तेव्हा आक्का ओसरीच्या कडेला बसून रातांब्याची सालं उन्हात उलटत होत्या. आक्का मठाच्या गुरू. समोरचा काय लपवतोय ते त्यांना सगळ्यांच्या आधी दिसतं, आणि त्या ते सगळ्यांच्या शेवटी बोलतात.

सौमित्र पुण्याहून आला होता. फोनवरच्या ॲपमध्ये डोळ्यांना जे दिसतं, रंग, बटणं, अक्षरं, ते सगळं तो बनवायचा. रजा काढून तो आक्कांकडे शिकायला आला, आणि आल्यापासून त्याचं शिकवणंच जास्त चाललं होतं. त्यातच कुठल्याशा मास्तरांचं मठाला पत्र आलं, मन स्थिर कसं ठेवावं म्हणून. सौमित्रने लांबलचक, सुंदर उत्तर लिहिलं. आक्कांनी ते वाचलं, मान डोलावली, आणि खाली एकच शब्द घालून पाठवायला सांगितलं. मठ.

तेव्हापासून त्याचं स्वतःचं मन काही स्थिर नव्हतं.

"सगळ्याच उत्तरांखाली तेवढंच असतं," आक्का म्हणाल्या.

"पण का?"

आक्कांनी एक साल उलटलं. मग दुसरं...

"आज सकाळभर कचेरीत काय चाललं होतं रे तुझं?"

सौमित्र खुलला. कचेरीतला जुना कंप्यूटर अगदी रडतखडत चालायचा. तो त्याने साफ करून टाकला होता. नको ते प्रोग्राम काढले, फोटो एका जागी लावले, आणि विंडोजच्या पोटात शिरून, कधी कुणी उघडल्याच नव्हत्या अशा फाइलीही वेचून काढल्या.

"एक तर इतकी वर्षं नुसती बसून होती," तो म्हणाला. "आयपीनॅटएचएलपी डॉट डीएलएल."

आक्कांना ते नाव फार आवडलं. त्यांनी त्याला ते पुन्हा म्हणायला लावलं, मग स्वतः म्हणून पाहिलं, अर्ध्यातच अडखळल्या आणि हसत सुटल्या.

"बरं, ही बाई करते काय?"

"स्वतःहून काहीच नाही. डीएलएल फाइल आपली आपण चालत नाही, आक्का. दुसऱ्या कुणी हाक मारली तरच कामाला येते."

"आणि हाक मारली तर?"

"घरातल्या सगळ्यांची मागणी एकाच पत्त्यावरून बाहेर पाठवते. बाहेरच्याला आतलं कुणी दिसत नाही, तो एक पत्ता तेवढा दिसतो. उत्तर आलं की ज्याचं त्याला नेऊन देते."

"कुणाचं कुठलं, हे तिच्या ध्यानात राहतं?"

"तेवढ्यापुरतं. काम झालं की विसरते."

आक्कांनी हातातलं साल खाली ठेवलं.

"... आणि हिला तू काढलंस."

सौमित्र म्हणाला की हल्ली ते काम भिंतीवरचा वाय-फायचा डबा करतो, सगळ्या घरांत तसंच असतं, ही उगाच जागा अडवून बसली होती. मग आवाज थोडा खाली आणून, पण नीट ऐकू जाईल इतपतच, तो पुढे म्हणाला, "विंडोज काढू देत नव्हतं. म्हणत होतं, हिचा मालक दुसरा आहे. मग सेटिंगमध्ये जाऊन मीच मालक झालो."

"काही अडलं नाही?"

"काहीच नाही. येऊन बघा की. इंटरनेट नुसतं धावतंय."

जेवणाची घंटा झाली. आक्का हात झटकत उठल्या.

"मालक झालास ते बरं झालं," त्या म्हणाल्या. "आज दारावर तू बस."

दुपारच्या जेवणानंतर मठात मौन असतं. संध्याकाळची घंटा होईपर्यंत कुणी बोलत नाही, आक्कासुद्धा नाहीत. पण टेकडीखालचं जग काही मौन पाळत नाही, म्हणून एकाने दारावर बसायचं. बोलायची मुभा त्याला एकट्याला. आतल्यांना काय हवं ते खुणांवरून समजून घ्यायचं, बाहेर मागायचं, आणि आलेलं ज्याचं त्याला पोचवायचं. बाहेर मात्र कुणाचंही नाव सांगायचं नाही. मठाला हवंय, एवढंच म्हणायचं.

सौमित्रला वाटलं, यात शिकण्यासारखं काय आहे?

हुसेनभाई स्कूटरवरून चढण चढून आले. त्यांच्या मागच्या पेटीत साबणापासून नारळापर्यंत सगळं असतं. आवाज ऐकून आतली माणसं खिडकीशी जमली. एकाने दोन्ही हातांनी डोकं चोळून दाखवलं. दुसऱ्याने घसा धरला. तिसरीने हवेतच सुई ओवली.

"नवीन दिसताय दारावर," हुसेनभाई म्हणाले. "कोण म्हणायचं आपण?"

सौमित्र नाव सांगायला तोंड उघडणार, तोच खिडकीतल्या सगळ्यांनी एकदम माना हलवल्या.

"मठ," तो म्हणाला.

"मागच्या वेळचा मठ जरा जाडा होता," हुसेनभाई म्हणाले आणि पेटी उघडायला लागले.

सौमित्रने मागणी मोठ्या ऐटीत केली. हुसेनभाईंवर आपली छाप कशी पडतेय, याकडे त्याचं सगळं लक्ष होतं. त्यामुळे खोबरेल तेल घसा दुखणाऱ्याकडे गेलं आणि घशाच्या गोळ्या डोकं चोळणाऱ्याकडे. त्या गृहस्थाने काही तक्रार केली नाही. एक गोळी घेऊन ती शांतपणे टाळूवर चोळली. सगळी ओसरी आवाज न करता गदगदा हसली.

सौमित्र कानापर्यंत लाल झाला.

आणि मग कृष्णामावशी बाहेर आली.

मठाचं स्वयंपाकघर कृष्णामावशीच्या हाती आहे. तिची मुलगी उज्ज्वला मस्कतला नर्स आहे, आणि परवाच तिला मुलगी झाली. मावशीने नातीचं तोंड अजून पाहिलं नव्हतं. टेकडीवर फोनला रेंज नसते, काय बघायचं ते वाय-फायवर. आज चार वाजता, तिकडे दवाखान्यात भेटायची वेळ असते तेव्हा, उज्ज्वला बाळ दाखवणार होती. आक्का सकाळी म्हणाल्या होत्या, आजच्यापुरतं बोल हवं तर. मावशी म्हणाली होती, बघायला तोंड कशाला लागतं?

तिने ठेवणीतलं पातळ नेसलं होतं. टॅब्लेट तिने दोन्ही हातांवर, बाळ धरावं तसा आणला होता. काचेवर एक चाक फिरत होतं. नुसतंच फिरत होतं.

मागे सगळा मठ उभा होता. बाळ त्यांनाही बघायचं होतं.

"पण माझं तर चालतंय," सौमित्र म्हणाला.

तो सगळ्यांना कचेरीत घेऊन गेला. कंप्यूटरवर एक पान उघडून दाखवलं. पान पटकन उघडलं. मावशीने ते बघितलं. मग हातातलं चाक बघितलं. मग त्याच्याकडे बघितलं.

कुणी काही बोलेना. बोलू शकणारा तो एकटाच, त्यामुळे कारणंही त्यानेच द्यायची आणि खोडायचीही त्यानेच. डबा बिघडला असेल, म्हणावं तर डब्यावरचा दिवा हिरवागार. मस्कतची लाइन खराब असेल, म्हणावं तर टॅब्लेटवर मस्कत राहू द्या, कुठलंच पान उघडत नव्हतं.

आक्का दाराच्या चौकटीत उभ्या होत्या. त्यांनी दोन्ही तळवे तोंडाशी धरले आणि कंप्यूटरच्या दिशेने हाक मारली, आवाज न करता. मग कानामागे हात धरून ओ येण्याची वाट पाहिली...

आणि हात रिकामे करून दाखवले.

सौमित्र टेबलाखाली शिरला. बाहेरून आलेली तार भिंतीवरच्या डब्यात जातच नव्हती. ती आधी कंप्यूटरला लागत होती, आणि कंप्यूटरमधून निघालेली दुसरी तार डब्याला. त्याच्या ओळखीत कुणाच्याही घरी अशी जोडणी नव्हती, म्हणून इथेही नसणार, असं तो धरून चालला होता. सगळ्या मठाची मागणी या एका कंप्यूटरमधून बाहेर जायची, आणि तिची ने-आण करणारीला त्याने सकाळी, मालक होऊन, काढून टाकलं होतं. कंप्यूटरला स्वतःपुरती तिची गरज नव्हती. म्हणून तो धावत होता.

आता एकच आशा. काढलेल्या फाइली कंप्यूटरच्या कचरापेटीत पडून राहतात, पेटी रिकामी करेपर्यंत. सकाळी तो पेटी रिकामी करणारच होता, तेवढ्यात घंटा झाली होती आणि त्याला भूक लागली होती.

फाइल तिथेच होती. त्याने ती जिथल्या तिथे नेऊन ठेवली आणि कंप्यूटर बंद करून पुन्हा सुरू केला.

जुना कंप्यूटर तो. काळ्या पडद्यावर पांढरे ठिपके गोल गोल फिरायला लागले. चार वाजून गेले. मावशी पदराने टॅब्लेटची काच पुसत होती, जणू धुळीमुळेच नात दिसत नव्हती. सौमित्रला तिच्याकडे बघवेना. तो पडद्याजवळ वाकला आणि हळूच म्हणाला, "ये गं बाई. आयपीनॅटएचएलपी, ये."

ठिपके थांबले...

मस्कतचा कॉल आला आणि मावशीच्या हातातला टॅब्लेट उजळला.

उज्ज्वला दिसली, आणि तिच्या कुशीत दुपट्याचं एक गाठोडं. टॅब्लेटचा आवाज कधीचाच बसला होता, त्याच्या कडेला कान लावला तरच ऐकू यायचं. म्हणून सगळ्यांनी सौमित्रला पुढे ढकललं. त्याने टॅब्लेट मावशीसमोर उभा धरला आणि मागून कडेला कान लावला.

उज्ज्वला मठातच वाढलेली. आईची घट्ट मिटलेली जिवणी आणि वाहणारे डोळे बघून तिला बाकी काही सांगावं लागलं नाही. "अगं हो, मौन," ती हसून म्हणाली. "दारावर कोण आहे? बोला की."

मावशीने भिवईच्या वर बोट टेकलं.

"मठ विचारतोय, तीट लावली का?" सौमित्र म्हणाला.

लावली होती, तळपायाला. सौमित्रने एक पाय उचलून मावशीला तळवा दाखवला. मावशी निवांत झाली. मग घसा दुखणाऱ्याने नाकाच्या शेंड्याला हात लावला. मठ विचारतोय, नाक कुणाचं? नाक आजीचं. हे मात्र सांगायची गरज नव्हती, ते सगळ्यांना दिसतच होतं. डोकं चोळणाऱ्याने डोकं चोळलं. मठ विचारतोय, जावळ किती? भरपूर. मागून कुणी तळव्यावर तळवा घासून तेल लावण्याची खूण केली, कुणी डोळे मिटून झोपेची. सौमित्र विचारत होता, ऐकत होता, वळून ज्याचं त्याला देत होता. एकही उत्तर चुकीच्या माणसाकडे गेलं नाही.

"कोण कोण विचारतंय एवढं?" उज्ज्वलाला हसू आवरेना.

"मठ."

"आणि तुम्ही कोण?"

सौमित्रला उत्तर द्यायचं होतं. पण तेवढ्यात सुई ओवणाऱ्या काकूंनी हवेत टोपडं शिवायला घेतलं, आणि ते माप विचारायचं राहून जाईल, म्हणून तो तिकडे वळला.

संध्याकाळची घंटा झाली तेव्हा सगळा मठ एकदम बोलायला लागला. मावशीने त्याच्या हातातून टॅब्लेट जवळजवळ हिसकावला आणि "माझी बाय ती, माझी बाय ती," करत स्वयंपाकघरात पळाली. मस्कतपर्यंत तसाच ऐकू जाईल, असा तिचा आवाज लागला होता. बाकीचे नाकावरून वाद घालत तिच्या मागे गेले.

कचेरीत कुणी उरलं नाही. सौमित्र दारावर जाऊन बसला. त्याला उगाचच फार बरं वाटत होतं.

बऱ्याच वेळाने आक्का आल्या. त्या त्याच्या शेजारी उंबऱ्यावर टेकल्या.

"कशी आहे रे पोर?"

सौमित्र सांगायला गेला आणि थांबला. नाक आजीचं. जावळ भरपूर. तीट तळपायाला... पण तोंड?

"आक्का," तो म्हणाला, "मी तिला बघितलंच नाही." आणि तो असा हसायला लागला, की आक्कांनाही हसू फुटलं.

"उज्ज्वला आत्ता मला विचारत होती," आक्का डोळे पुसत म्हणाल्या. "आज दारावर कोण होतं, म्हणून."

"मग तुम्ही काय सांगितलंत?"

आक्कांनी मागे वळून दाराकडे पाहिलं.

"सांगितलं, दार उघडं होतं."

याचा अर्थ काय, असं मी सौमित्रदादाला विचारलं होतं. त्याने खूप वेळ विचार केला. मग म्हणाला, अर्थ असा की... आले गं, आले. खाली हुसेनभाईंचा हॉर्न वाजतोय आणि मावशी हातानं बोलावतेय. आज दारावर माझी पाळी आहे, तेव्हा तो काय म्हणाला ते