तळ उघडणारी पेटी

एक होता राजा. पार डोंगरांच्या पलीकडचा, जिथे अर्धं वर्ष बर्फ हलत नाही, तिथला. त्याचं नाव आल्ब्रेख्त. बघ निरू, आत्ताच जीभ अडकली ना तुझी? जाऊ दे, आपण त्याला नुसतं राजा म्हणू.

हा राजा वाईट नव्हता बरं का. वाईट असता तर गोष्ट सोपी होती. शिकार नाही, नाचगाणी नाहीत. कोपराला ठिगळ लावलेला कोट घालायचा आणि कोंबडं आरवायच्या आधी कामाला बसायचा. प्रजेचं भलं झालं पाहिजे, एवढंच त्याच्या डोक्यात. पण भलं कशात आहे हे तो प्रजेला विचारायचा नाही. पुस्तकांना विचारायचा.

त्याला लहानाचं मोठं केलं उर्सुला दाईनं. आई राज्य चालवण्यात गुंतलेली, मग बाळाला अंगावर पाजलं ते दाईनंच. राजा मोठा झाला तशी दाई आपल्या घरी परत गेली. किल्ल्याच्या पायथ्याशीच तिचं गाव. नवरा माथिस सुतार होता. स्वतःचं बाळ जन्मतःच गेलं, पुढे मूल झालं नाही, म्हणून दाईची सगळी माया त्या राजावर.

मग काय झालं, राजानं पहिला हुकूम काढला. वेठ बंद. वेठ म्हणजे काय, तर आपलं शेत तसंच टाकायचं आणि आधी सरदाराचं फुकट नांगरायचं. नाही गेलं की पाठीवर कोरडे. राजा म्हणाला, आजपासून कुणी कुणाची वेठ करायची नाही. गावोगाव माणसं आनंदानं रडली. सरदार तोंडदेखलं 'जी महाराज' म्हणाले, पण आतून दातओठ खात होते. राजा कुठे चुकतो याची वाट बघत बसले.

मग दुसरा हुकूम. प्रत्येक गावात शाळा. लोक कुरकुरले, आता बदकं कोण राखणार म्हणून. पण पोरं गेली शाळेत. तुम्हीही कुरकुरताच की, तरी जाता.

मग तिसरा. आणि इथेच तर घोडं पेंड खातं.

तिकडे मेलेल्या माणसाला लाकडी पेटीत ठेवून पुरतात. आणि त्या गावांत रीत अशी, की लग्न झालं की पहिल्याच हिवाळ्यात नवऱ्यानं दोघांच्या पेट्यांच्या फळ्या तासायच्या आणि माळ्यावर ठेवून द्यायच्या. अपशकुन नाही हो त्यात. त्या फळ्यांवर सफरचंदं पसरायची, कांदे वाळवायचे, आणि म्हातारपणी निर्धास्त असायचं. आपली सोय झालेली आहे म्हणून. माथिसनं तर फळ्या अशा गुळगुळीत केल्या होत्या की दाई येताजाता नुसता हात फिरवायची.

राजा म्हणाला, जंगलं संपत चाललीत, शाळांना बाकं नाहीत, आणि तुम्ही चांगलं लाकूड मातीत घालता? माळ्यावरच्या फळ्या शाळेत आणून द्या. आणि इथून पुढे एका गावाला एकच पेटी. तिच्या तळाला झडप, बाजूला खटका. पेटी खड्ड्यावर धरायची, खटका ओढायचा. माणूस खाली, पेटी परत वर. पुढच्यासाठी. सगळं कसं चोख. नाव ठेवायला जागा नाही.

शिपाई आले. दाईनं सफरचंदं जमिनीवर ओतली आणि फळ्या देऊन टाकल्या. त्याच हिवाळ्यात माथिस गेला. मग गावाची पेटी आली. खड्ड्यावर धरली, खटका ओढला. खट्. आणि मग खालून जो आवाज आला, तो मी सांगत नाही.

मग दाई किल्ल्यावर गेली. राजा लगबगीनं उठला, स्वतःची खुर्ची तिला दिली, आणि आपण उभा राहिला.

"बाळा, ती पेटी बंद कर," दाई म्हणाली.

"दाई, मेलेल्या माणसाला काय कळतं?"

"त्याला नाही रे कळत. मला ऐकू येतं. जेवायला बसले तरी ऐकू येतं."

राजाला वाईट वाटलं. खरंच वाटलं हं. पण तो म्हणाला, "एकासाठी हुकूम वाकवला की सगळेच हुकूम वाकतात. कायदा सगळ्यांना सारखा. उद्या माझ्या घरावर वेळ आली, तरी हीच पेटी येईल."

"असं बोलू नये बाळा," दाई म्हणाली. आपल्याकडे म्हणतात ना, वास्तू तथास्तु म्हणत असते. तिकडच्या भिंतीही म्हणत असाव्यात.

राजाला एकच मुलगी, रोझीना. आई नव्हती बिचारीला. पुढच्या पानगळीत तिला देवी आल्या. तेव्हा लस नव्हती, बरं का. गावचा वैद्य आला. मग मोठ्या शहराचा वैद्य आला. मग पाद्री आला. दाई उशाशी बसून राहिली, कपाळावरच्या ओल्या पट्ट्या बदलत. पण पोर गेली.

तळघरात राजघराण्याची चांदीची पेटी होती. दरबारी म्हणाले, ती काढू या. राजा नको म्हणाला. मग गावाची पेटी आणली.

सगळं गाव जमलं. एका बाजूला सरदार उभे, काळ्या झग्यांत. दाईनं त्यांचे चेहरे पाहिले. दुःख कुठलं? मांजर दुधाकडे बघतं ना, तसे ते राजाच्या हाताकडे बघत होते. राजानं लेकीसाठी एक हुकूम मोडला, की ते म्हणणार, मग वेठीचाही मोडला. उद्यापासून चला आमच्या शेतात.

पेटी खड्ड्यावर धरली. खड्डा खणणारा मागे सरला. मग राजा पुढे झाला. त्यानं खटक्यावर हात ठेवला, आणि हात काही हलेना. थंडीत उभा राहिला नुसता. मग मान वळवून म्हणाला, "दाई, काय करू ग?"

जन्मात पहिल्यांदा त्यानं कुणाला तरी विचारलं होतं.

दाईच्या अगदी तोंडाशी आलं होतं, मोड बाबा तो हुकूम, लेकराला चांदीत निजव. एक शब्द बोलली असती तरी त्यानं ऐकलं असतं. पण मागे गाव उभं होतं. पाठीवरचे वळ अजून गेले नव्हते त्या माणसांच्या. राजाच्या लेकीसाठी ती माणसं रडत होती, आणि स्वतःसाठी घाबरली होती.

"आधी विचारायचं होतंस रे राजा," दाई हळूच म्हणाली. "आता ओढावंच लागेल."

मग ती त्याच्या मागे जाऊन उभी राहिली. आपल्या दोन्ही तळव्यांनी तिनं त्याचे कान घट्ट झाकले आणि डोकं आपल्या छातीशी धरलं. मग मानेनंच खूण केली, ओढ.

राजानं डोळे मिटले आणि खटका ओढला. दाईचे कान मात्र उघडेच होते.

सरदार हात हलवत परत गेले. बर्फ वितळल्यावर राजा गावोगाव फिरला. दारोदार उभा राहून विचारायचा, पेटीचं काय करू? लोक सांगत गेले, तो ऐकत गेला. मग त्यानं तो हुकूम मागे घेतला. मोडला नाही हं, मागे घेतला, सगळ्यांसाठी. सरदारांना बोलायला तोंडच उरलं नाही. वेठ गेली ती गेलीच. माणसं आपापली शेतं नांगरू लागली, पोरं शाळेत शिकू लागली, आणि सगळे सुखानं राहिले.

राजा मात्र फार जगला नाही. अंथरुणाला खिळला तेव्हा दाईच होती जवळ. एकदा त्यानं विचारलं, "दाई, त्या दिवशी फार मोठा आवाज झाला का ग?"

"नाही रे बाळा," दाई म्हणाली. "काहीच ऐकू आलं नाही."

मग राजाला झोप लागली. चला, तुम्हीही पाय आत घ्या आता. दिवा मालवते मी.