उदन्येची तहान

कृतयुगाचा अस्त होऊन त्रेतायुग नुकतेच उजाडले होते आणि धर्माचा एक चरण डळमळू लागला होता, त्या काळी विंध्याचलाच्या दक्षिण उतारावरून वेणुमती नावाची नदी वाहत असे. तिच्या तीरी मौंजायन ऋषींचा आश्रम होता. तमाल आणि कदंब यांची घनदाट छाया, होमधूमाने काळवंडलेल्या पर्णकुटी, ऋचांच्या घोषाला सरावलेले शुक-सारिका आणि यज्ञवेदीपर्यंत निर्भयपणे येऊन दर्भ कुरतडणारी हरिणे, अशा त्या तपोवनात मौंजायन आपली पत्नी सुवर्चला हिच्यासह राहत असत. मौंजायन तपाने थोर, पण स्वभावाने करारी. एकदा उच्चारलेला संकल्प मोडणे त्यांना प्राण सोडण्याहून कठीण वाटे. सुवर्चला विदुषी होती, आणि त्यांच्यासमोर स्पष्ट बोलण्याचे धैर्य असलेली त्या आश्रमातली ती एकटीच होती.

त्याच सुमारास दनूच्या कुळात विशोषण नावाचा असुर जन्मला. इतर असुरांना राज्याची हाव होती, स्वर्गाची हाव होती. याला फक्त तहान होती. विहिरी प्याला, तळी प्याला, तरी त्याचा घसा कोरडाच. शेवटी त्याने पाण्याचा थेंबही न घेता, पाच अग्नींच्या मध्यभागी उभे राहून एक सहस्र वर्षे घोर तप केले. त्या तपाच्या दाहाने सप्तलोक होरपळू लागले, तेव्हा हंसारूढ ब्रह्मदेव त्याच्यापुढे प्रकट झाले.

"असुरा, वर माग. अमरत्व मात्र मागू नकोस. ते देणे माझ्याही हाती नाही."

विशोषणाने हात जोडले. "पितामह, अमरत्व कशाला हवे? ज्याच्या कंठाखाली पाण्याचा एक घोट तरी उतरला आहे, अशा कोणाच्याही हातून मला मरण येऊ नये, एवढे द्या. आणि मी प्यालेले पाणी माझ्या इच्छेवाचून माझ्या उदरातून बाहेर पडू नये."

ब्रह्मदेवांनी मनोमन सारी सृष्टी न्याहाळली. पाणी न प्यालेला जीव त्रिभुवनात असणार कुठे? पण तपाचे फळ नाकारता येत नाही. "तथास्तु," ते म्हणाले आणि अंतर्धान पावले.

मग विशोषण मोकाट सुटला. तो नदीच्या उगमाशी तोंड लावी आणि मुखापर्यंतचे पात्र उघडे पाडी. आकाशात मेघ जमला की हात वर करून तो मेघ ओढून घेई आणि वस्त्र पिळावे तसा पिळून पिई. त्याचे उदर पर्वताएवढे फुगले. तो चालू लागला की आत कोंडलेल्या नद्यांची गर्जना योजनभर दूर ऐकू येई. देवराज इंद्र ऐरावतावर आरूढ होऊन त्याच्यावर धावून गेला. परंतु पर्वतांचे पंख छाटणारे ते वज्र त्या असुराच्या छातीवर ओल्या मातीच्या गोळ्यासारखे पडले, कारण ते फेकणारा हात मंदाकिनीचे पाणी पिणाऱ्याचा होता. देव पळाले. पृथ्वीवर बारा वर्षांचे अवर्षण सुरू झाले.

वेणुमती आटली त्याच्या सातव्या दिवशी सुवर्चलेला कन्या झाली. जातकर्माच्या वेळी पित्याने तिच्या जिभेला मध आणि तूप लावले. पाणी तिच्या वाट्याला आलेच नाही, ती आईच्या दुधावर राहिली. आश्रमामागच्या कड्याला एक भेग होती. तिच्यातून दिवसाकाठी चार ओंजळी पाणी पाझरे आणि तेवढ्यावर सारे जगत. बाराव्या दिवशी नाव ठेवायची वेळ आली, तेव्हा मौंजायन म्हणाले, "हिचे नाव जलजा ठेवू."

"स्वामी, पाणी कुठे आहे?" सुवर्चला म्हणाली. तिचे ओठ फुटले होते. "जे नाही त्याच्या नावाने लेकीला हाक कशी मारू? हिच्या जन्माच्या वेळी या आश्रमात एकच गोष्ट विपुल होती. तहान. हिचे नाव उदन्या."

उदन्या म्हणजे तहान, पाण्याची आस. तेथे जमलेल्या वृद्ध तपस्विनी कुजबुजल्या, की असे अमंगल नाव कोणी ठेवते का? पण सुवर्चलेने मुलीच्या कानात ते नाव तीनदा उच्चारले होते. मग ते बदलणार कोण?

उदन्या दोन वर्षांची झाली आणि आईचे दूध आटू लागले, तेव्हा देवगुरू बृहस्पती आश्रमात आले. अर्घ्य द्यायला पाणी नव्हते. मौंजायनांनी नुसते हात जोडले. बृहस्पतींनी असुराच्या वराची कथा सांगितली आणि म्हणाले, "ऋषिवर्य, तिन्ही लोकांत शोध घेतला. तुमची कन्या हा एकच जीव असा आहे, ज्याच्या कंठाखाली पाणी उतरलेले नाही. पितामहांना विचारले. आईचे दूध, शेळीचे दूध, फळाचा रस यांची गणना पाण्यात नाही. तुम्ही हिला असेच वाढवले, तर हिच्या हातून विशोषण मरेल."

मौंजायनांनी डोळे मिटले आणि संकल्पासाठी दर्भ हाती घेतला. सुवर्चलेने तो हात धरला.

"थांबा! देवगुरू, तुमच्या देवांनी अमृत प्यायले, आणि माझ्या लेकीने साधे पाणीही पिऊ नये? ही बोलू लागली की पाणी मागेल. तेव्हा नाही म्हणायला स्वर्गातून कोण येणार आहे?"

बृहस्पतींनी मान खाली घातली.

"एक अट आहे," ती पुढे म्हणाली. "हिला समज येईपर्यंत मी हिला दुधावर आणि कंदमुळांवर वाढवीन. नवव्या वर्षी सारे हिला सांगायचे. ही म्हणाली की पाणी हवे, तर त्या क्षणी ते हिच्या ओठाला लावायचे. मग त्रैलोक्य बुडाले तरी चालेल."

तसे ठरले. आश्रमातल्या दोन शेळ्या खैराचा पाला चघळून मूठभर दूध देत. त्या दुधावर, वनातल्या कंदांवर आणि सुकत चाललेल्या आवळ्यांवर उदन्या वाढली. कृश, मोठ्या डोळ्यांची, मंद पावलांनी चालणारी. इतरांना पाणी पिताना ती टक लावून पाही. एकदा तिने विचारले, "आई, पाणी गोड असते का?" सुवर्चला कुटीत निघून गेली, रडायला तिच्या डोळ्यांत ओल उरली नव्हती.

नववे वर्ष लागले, तेव्हा मातापित्यांनी तिला समोर बसवून काहीही न लपवता सर्व सांगितले. उदन्येने कड्याच्या भेगेकडे पाहिले. मग तिने विचारले, "मी पाणी प्याले, तर उद्या इतरांना मिळेल?"

"नाही," मौंजायन म्हणाले.

"मग मी थांबते."

पुढची तीन वर्षे तिने काढली कशी, ते तिचे तिलाच ठाऊक. बाराव्या वर्षी, ज्येष्ठाच्या दाहात, तिला ज्वर चढला. शेळ्या मरून गेल्या होत्या, आवळे संपले होते. तिसऱ्या दिवशी तिची जीभ टाळूला चिकटली आणि श्वास तुटक येऊ लागला. तेव्हा जे घडले ते कोणाच्या स्वप्नातही आले नसते. संकल्प मोडण्याहून मरण बरे मानणारे मौंजायन कड्याशी गेले, आपल्या वाट्याची ओंजळ त्यांनी पळसाच्या द्रोणात धरली आणि तो द्रोण ते मुलीच्या ओठांशी नेऊ लागले.

"पी, वत्से. असुराचे पुढे पाहू. माझे तप पणाला लागले तरी चालेल, तू जग."

सुवर्चलेने त्यांचे मनगट पकडले.

"सुवर्चले, सोड! तू माता आहेस की पाषाण?"

"स्वामी, शुद्ध हरपण्यापूर्वी तिने माझ्याकडून वचन घेतले," ती म्हणाली. तिचा आवाज फाटला होता, पण पकड सुटली नाही. "ती म्हणाली, 'आई, मी मागितले तरच दे. मला विचारल्यावाचून देऊ नकोस.' तिने मागितलेले नाही."

द्रोण दोघांच्या हातांमध्ये तसाच राहिला. उदन्येने डोळे उघडले. तिने पाण्याकडे पाहिले, पित्याकडे पाहिले आणि तोंड भिंतीकडे वळवले. सुवर्चलेने त्या पाण्यात वस्त्राचा पदर भिजवला आणि रात्रंदिवस तिच्या तळपायांवर, कपाळावर ठेवला. पाचव्या दिवशी ज्वर उतरला.

आणि सहाव्या दिवशी, ऐन माध्यान्ही, दक्षिणेकडून कोंडलेल्या नद्यांची गर्जना ऐकू आली. सारी पृथ्वी पिऊन झाल्यावर विशोषण कड्याच्या भेगेतले ते शेवटचे पाणी प्यायला आला होता.

मौंजायन पुढे झाले. त्यांनी मंत्राने भारलेला दर्भ हाती घेतला, पण असुराच्या नुसत्या उच्छ्वासाने ते दूर फेकले गेले. दर्भ खाली पडला. उदन्येने तो उचलला आणि ती कड्यासमोर उभी राहिली.

"बाजूला हो, पोरी," असुर गरजला. "कोण तू?"

"मी उदन्या. मौंजायन आणि सुवर्चला यांची कन्या. जन्मापासून मी पाण्याचा घोट प्यालेली नाही."

विशोषण थबकला. तहान ओळखायला त्याच्याइतका जाणता त्रिभुवनात नव्हता. तिचे ओठ, तिची जीभ, तिचे डोळे पाहून त्याला कळले, की ही खरे बोलते आहे. तो चार पावले मागे सरला आणि त्याचा स्वर एकाएकी मृदू झाला.

"बाळ, तुझे दुःख मला ठाऊक आहे. घशात निखारा असतो, तो विझत नाही. हे घे. पहिला घोट घेऊन तर बघ."

त्याने ओठ किंचित उघडले. बारीक, शीतल, शुभ्र धार तिच्यासमोरच्या खडकाच्या खळग्यात पडू लागली. बारा वर्षांनी त्या वनात पाण्याचा नाद उमटला. ओल्या मातीचा गंध दरवळला. उदन्येचे सारे शरीर त्या दिशेने झुकले. सुवर्चलेने श्वास रोखला. मुलीने खळग्याकडे पाहिले, मग तो ओलांडून एक पाऊल असुराच्या दिशेने टाकले.

आता विशोषण घाबरला. मृदुपणा टाकून त्याने जबडा उघडला आणि एक अख्खी नदी तिच्यावर सोडली. मुकाट्याने पीत नसेल तर बळेच पाजायचे. एक घोट आत गेला की ती इतरांसारखीच! पाणी तिच्या घोट्यांना लागले, कमरेला लागले, हनुवटीला भिडले. तिने ओठ आवळले. डाव्या हाताने नाक दाबले, उजव्या मुठीत दर्भ धरला, आणि ती पुढे चालत राहिली. पाणी तिच्या डोक्यावरून गेले.

काठावर सुवर्चला मनातल्या मनात श्वास मोजत होती. दहा. वीस. तीस. पाण्यावर काही दिसेना.

परंतु विंध्याचा तो उतार तीव्र होता, आणि वेणुमतीचे कोरडे पात्र खाली आ वासून होते. सोडलेले पाणी ठरेना. खळाळत पात्रात उतरे आणि उदन्येचे मस्तक पुन्हा वर येई. ती एक श्वास घेई आणि ओठ मिटून पाऊल टाकी. असुर दुसरी नदी सोडी, तिसरी सोडी. जे पाणी कोणीही त्याच्या उदरातून काढू शकले नसते, ते तो स्वतः ओतत होता, आणि थांबावे तर ती चार पावलांवर आलेली. सरोवरे गेली, मेघ गेले, समुद्राच्या खाड्या गेल्या. पर्वतासारखे उदर रिकाम्या पखालीसारखे लोंबू लागले. शेवटचा थेंब ओघळला तेव्हा विशोषण गुडघ्यांवर कोसळला होता. उदन्येने दर्भाचे टोक त्याच्या कंठाला लावले. वज्र रुतले नव्हते, पण तो दर्भ खोल गेला.

प्राण जाता जाता असुर पुटपुटला, "तहान..."

उदन्या वळली. तिच्या मागे वेणुमती दोन्ही तीरांना भिडून वाहत होती. तिने ओंजळ भरली. मौंजायन ओरडले, "वत्से, तो शत्रू आहे! तू आधी पी!"

"तात, त्याला तहान लागली आहे," ती म्हणाली आणि ती ओंजळ तिने असुराच्या ओठांशी धरली.

आजवर त्याने पाणी हिसकावले होते, शोषले होते. कोणी आपण होऊन त्याला ते दिले नव्हते. तो घोट त्याच्या गळ्याखाली उतरला. विशोषणाने विस्मयाने तिच्याकडे पाहिले, जणू काही सांगायचे होते, आणि तृप्त होऊन डोळे मिटले.

देवांनी पुष्पवृष्टी केली. इंद्रासह ब्रह्मदेव तीरावर अवतरले. इंद्र म्हणाला, "कन्ये, तुझे नाव अमंगल आहे. आजपासून तुला तृप्ता म्हणू."  उदन्या आईच्या ओंजळीतून पाणी पीत होती. देवराजाला हात जोडून वाट पाहावी लागली.

पुरेसे पिऊन झाल्यावर तिने तोंड पुसले. "माझे नाव राहू द्या. आईने ठेवले आहे."

"मग वर माग," ब्रह्मदेव हसून म्हणाले.

"पितामह, पाणी कोणाच्याही पोटी कायमचे राहू नये."

"तथास्तु."

तेव्हापासून समुद्र कितीही विशाल असो, त्याला आपले पाणी सूर्याला द्यावे लागते. मेघ कितीही काळा असो, त्याला रिते व्हावे लागते. आणि माणूस जे पितो, ते घाम होऊन, अश्रू होऊन पुन्हा पृथ्वीला मिळते. वेणुमतीच्या खोऱ्यातील स्त्रिया पुढे आपल्या लेकींना उदन्या हे नाव आवडीने ठेवू लागल्या. त्या नावाची मुलगी ज्या घरी असे, तेथे पाण्यासाठी दारी आलेल्या वाटसरूला कुळ, गाव, वर्ण काही विचारत नसत. तो आधी पाणी पिई आणि मग, सांगावेसे वाटले तर, आपले नाव सांगे.