म्हाळूची साक्ष

"आंघोळ करू का नको, तेवढं सांगा बाबा."

टेकडीवरच्या मठातल्या बाबांना म्हाळू धनगर उभ्या उभ्याच विचारत होता. थोरला भाऊ धुळा कोकणात वारल्याचा सांगावा सकाळी आला होता. मरणाची बातमी कळली की भावानं आंघोळ करायची, सुतक धरायचं. पण वाळीत टाकलेल्याचं सुतक कुणी धरत नाही, आणि धुळाला पंचांनी कधीच वाळीत टाकलं होतं, तेही म्हाळूच्याच साक्षीवरून.

"काय बघितलं होतंस तू?" बाबांनी विचारलं.

"सगळ्या वस्तीला ठावं हाय की." म्हाळूला आपल्या नजरेचा भारी तोरा. कळपातलं मेंढरू जरा इकडचं तिकडं झालं तरी त्याला लांबून कळायचं. "देवाला सोडलेला एडका मेंढा चोरून दादा खिंडीत शिरला. मागं वळून माझ्याकडं बघून हसला. पंचांपुढं बेलभंडारा उचलून, शपथेवर सांगितलंय मी."

"हसला?"

"दात दिसले त्याचे."



"भंडारा मीच दिला होता तुझ्या हातात," बाबा म्हणाले. " तेव्हा तू म्हणालास, धुकं दाट होतं. माणूस पाठमोरा होता, पण घोंगडी दादाचीच."

"न्हाई बाबा... हसला त्यो."

"असेल. मीही म्हातारा झालोय. माझ्या आठवणीचा तरी काय भरवसा?"

बाबांनी भांडून खोटं पाडलं असतं तर म्हाळूला परवडलं असतं. धुकं होतं, हे तर खरंच. मग दात कसे दिसले?

"बस खाली. डोळे मीट," बाबा म्हणाले. "एडक्याचं राहू दे. लहानपणी तापानं फणफणला होतास, तेव्हा दादानं तुला खांद्यावर घालून इथं आणलं होतं. तेव्हाचा त्याचा चेहरा सांग."

म्हाळूनं डोळे मिटले. खांदा आठवला, घोंगडीचा वास आठवला. मान वर करून दादाचं तोंड बघायला गेला, तर तिथंही तेच हसू. लग्नात नाचणारा दादा, आईच्या मयताला रडणारा दादा... सगळीकडं तेच दात. इतकी वर्षं ज्याला त्याला सांगून सांगून त्यानं हा एकच चेहरा पक्का केला होता, आणि भावाचा खरा चेहरा कधी पुसला गेला ते त्याचं त्यालाच कळलं नव्हतं.

"बाबा... दुसरा चेहराच येईना हो डोळ्यापुढं."

बाबांनी उपरण्याच्या टोकानं स्वतःच्या कपाळावरचा भंडारा पुसून टाकला. काठी टेकत उठले.

"चल. भंडारा माझ्याच हातचा होता. मलाही आंघोळ करायचीय."