टिटवीच्या पिल्लाचा निळा उजेड

एक होता माळ. माळावर गवत, गवतात दगड, आणि दगडांत टिटवीचं पिल्लू. एवढंसं! बोराएवढं डोकं, काडीएवढे पाय.

त्या माळाची एक गंमत होती बरं का. दिवस मावळला की आवाजाचा उजेड व्हायचा नि आभाळात जायचा. गाय हंबरली, हम्माऽऽ, की तांबडा पट्टा. शेळी ओरडली, बेंऽऽ, की पिवळी नागमोडी रेघ. आवाज थांबला की उजेड खाली यायचा, ज्याच्या त्याच्या गळ्यात शिरायचा. एका गळ्याला एकच उजेड.

लेकरं हाका मारायची. आया वर बघायच्या. आपल्या लेकराचा उजेड ओळखायच्या नि धावत यायच्या.

टिटवी गेली होती ओढ्यापल्याड, किडे वेचायला. पिल्लानं हाक मारली, "टी टी! टी टी!"

निळा उजेड निघाला. वर, वर, वर... आणि अडकला! बाभळीच्या काट्यात अडकला.

पिल्लानं पुन्हा हाक मारली, "टी टी!" नुसताच आवाज. उजेड नाही. आवाज काही ओढ्यापल्याड पोचेना. आई येईना. अंधार मात्र येऊ लागला.

निघालं पिल्लू. तुरुतुरु, तुरुतुरु. आलं बाभळीपाशी.

"बाभळीबाई, बाभळीबाई, हल ना!
उजेड सुटेना,
आईला मी दिसेना!"

बाभूळ म्हणाली, "मी कशी हलू बाळा? मला का पाय आहेत? वारा उठला तर हलेन."

निघालं पिल्लू. तुरुतुरु, तुरुतुरु. वारा झोपला होता घळीत. घुर्र घुर्र, घुर्र घुर्र.

"वारेदादा, वारेदादा, ऊठ ना!
बाभूळ हलेना,
उजेड सुटेना,
आईला मी दिसेना!"

वाऱ्यानं एक डोळा उघडला. "कोण रे कानात टोचतंय? दिवसभर धुळीमागं पळालोय मी. हलगी वाजली तर उठेन, नाहीतर नाही." आणि मिटला डोळा. घुर्र घुर्र.

निघालं पिल्लू. तुरुतुरु, तुरुतुरु. हलगी होती येसूआबांची. आबा बसले होते झोपडीच्या दारात.

"येसूआबा, येसूआबा, हलगी वाजवा ना!
वारा उठेना,
बाभूळ हलेना,
उजेड सुटेना,
आईला मी दिसेना!"

आबांनी हलगीवर थाप मारली. फस्स! फस्स!

"ऐकलंस? गार पडलीय ही. कातडं सैल झालंय. शेकल्याशिवाय बया बोलत नाही. जा, शेकोटी पेटली तर शेकतो, मग वाजवतो."

निघालं पिल्लू. तुरुतुरु, तुरुतुरु. शेकोटी होती अंगणात, राखेत तोंड खुपसून.

"शेकोटीमावशी, शेकोटीमावशी, पेट ना!
हलगी वाजेना,
वारा उठेना,
बाभूळ हलेना,
उजेड सुटेना,
आईला मी दिसेना!"

शेकोटी म्हणाली, "पोटात एकच निखारा राहिलाय माझ्या. उपाशी कशी पेटू? गोवरी मिळाली तर पेटेन."

निघालं पिल्लू. तुरुतुरु, तुरुतुरु. सगुणाकाकू गोवऱ्या थापत होती. थप थप, थप थप. एका पायानं झोळीची दोरी ओढत होती. झोळीत तिची तान्ही रंगी.

"सगुणाकाकू, सगुणाकाकू, गोवरी दे ना!
शेकोटी पेटेना,
हलगी वाजेना,
वारा उठेना,
बाभूळ हलेना,
उजेड सुटेना,
आईला मी दिसेना!"

काकू म्हणाली, "ने की! वाळलेल्या त्या तिथं रचल्यात. पण तुझ्याच्यानं उचलतेय होय? गोवरी तुझ्यापेक्षा मोठी! मीच दिली असती आणून. पण दोरी सोडली की ही भवानी आभाळ डोक्यावर घेते. रंगी हसली तर उठेन."

झोळीतून आवाज आला, "ट्यांऽ ट्यांऽ!" वर आभाळात राखाडी उजेड. ओला ओला.

निघालं पिल्लू. तुरुतुरु, तुरुतुरु. गेलं झोळीखाली.

"रंगीबाळे, रंगीबाळे, हस ना!
गोवरी मिळेना,
शेकोटी पेटेना,
हलगी वाजेना,
वारा उठेना,
बाभूळ हलेना,
उजेड सुटेना,
आईला मी दिसेना!"

रंगीला काय कळतंय! ती आपली, "ट्यांऽ ट्यांऽ!"

आता कुणाकडं जायचं? पुढं कुणीच नाही. पिल्लाचेही डोळे भरले.

झोळीतून एक पाऊल बाहेर आलं होतं. गोरंगोरं, मऊ मऊ. पाच बोटं, पाच मणी. पिल्लानं मान उंच केली. चोचीनं हळूच अंगठ्याला शिवलं. टुक.

"ट्यां..." रंगी थांबली.

पुन्हा, टुक टुक.

गुदगुली झाली! रंगी हसली. खुदूखुदू, खुदूखुदू! आभाळातला राखाडी उजेड झाला सोनेरी.

रंगी हसली, काकू उठली. रंगीला घेतलं कडेवर, गोवरी घेतली हातात.
गोवरी मिळाली, शेकोटी पेटली. भक्!
शेकोटी पेटली, हलगी शेकली. आबांनी टिचकी मारली. टण्ण!
हलगी वाजली. तड तडाड, तड तडाड! आभाळात केशरी गोलच गोल.
हलगी वाजली, वारा उठला. सूंऽऽ!
वारा उठला, बाभूळ हलली. सळसळ सळसळ!
बाभूळ हलली, उजेड सुटला. टुप्!

निळा उजेड वर निघाला. पिल्लू ओरडलं, "टी टी! आई, टी टी!"

पण आभाळ तर भरून गेलेलं! हलगीचे केशरी गोल, गाईचा तांबडा पट्टा, शेळीची पिवळी रेघ. वारा पण पांढरा पांढरा पसरलेला. त्यात एवढासा निळा उजेड कुठं दिसणार?

ओढ्यापल्याड टिटवी वर बघत होती. इकडं बघ, तिकडं बघ. दिसेना.

येसूआबांनी मान वर केली. त्यांना दिसला. त्यांनी चटकन हलगीवर तळवा ठेवला.

"ए, गप्प रे सगळी! लेकराचा उजेड चाललाय."

हलगी गप्प. गाईनं हंबर गिळला. शेळीनं ओठ मिटले. वाऱ्यानं श्वास रोखला. रंगीनं अंगठा तोंडात घातला. सगळे उजेड खाली आले, ज्याच्या त्याच्या गळ्यात गेले. आभाळ काळंभोर झालं.

आणि मग सगळ्या माळावर एकच आवाज. एवढुसा.

"टी टी! टी टी!"

काळ्या आभाळात एकच उजेड. निळा, दोऱ्याएवढा.

"टिटिव टिटिव! टिटिव टिटिव!" ओढ्यावरून पंख फडफडले. फड फड फड! आली, आई आली!

"कुठं होतास रे राजा? वर बघून बघून मान मोडली माझी!"

"आई, माझा उजेड ना, त्या बाभळीनं..."

"राहू दे, राहू दे. आधी पोटाशी ये."

आईनं पंख पसरला. पिल्लू आत शिरलं. डोकं गेलं आत, पोट गेलं आत. काडीएवढे पाय तेवढे राहिले बाहेर. गार गार.

आईनं तेही हळूच आत घेतले.

माळ निजला, वारा निजला. गोष्ट आली तुरुतुरु, पंखाखाली शिरली नि गुडुप झाली.